पाच महिने कोणत्या कॅमेऱ्याला द्यायचे?

ताई,
मी ३४ वर्षांची आहे. नऊ वर्षं कथापटांच्या सेटवर कॅमेरा असिस्टंट म्हणून काम केलं, त्यातली शेवटची पाच फोकस पुलर म्हणून, म्हणजे अंतर मोजून शॉटचा फोकस नेमका ठेवायचं काम. अधूनमधून चार छोटे माहितीपट स्वतंत्रपणे शूट केले. सध्या बंद पडत चाललेल्या एका कारखान्यातल्या कामगारांवरचा मोठा माहितीपट करतेय, त्याला दोन वर्षं झाली. येत्या काही महिन्यांत कारखाना कायमचा बंद होईल आणि तोच फिल्मचा शेवट असेल. नेमकं आत्ताच, मी ज्या डीओपींकडे (मुख्य छायाचित्रकारांकडे) सर्वांत जास्त काम केलं त्यांनी त्यांच्या मोठ्या कथापटात बी कॅमेरा, म्हणजे सेटवरचा दुसरा कॅमेरा, ऑपरेट करायला बोलावलंय. पाच महिने काम, पैसे चांगले. माहितीपटाचा दिग्दर्शक म्हणतो, 'जा तू, उरलेलं दुसरं कोणीतरी शूट करेल.' कथापटाचे निर्माते माझं काम बघतात आणि म्हणतात, 'छान आहे, पण डॉक्युमेंटरीवालं आहे.' हा शिक्का कायमचा बसेल का, ही भीती आहे. साठवलेले पैसे तीनेक महिने पुरतील. कर्ज काढून स्वतःचा कॅमेरा घ्यावा, असंही डोक्यात येतं. आणखी एक. मागच्या महिन्यात एक कामगार रात्री घरी बोलता बोलता रडायला लागला, थांबेचना. मी कॅमेरा बंद केला नाही. दिग्दर्शक खूश आहे. मला मात्र ते आठवलं की अस्वस्थ व्हायला होतं.
– एक फोकस पुलर

प्रिय फोकस पुलर,

माहितीपट सोडू नकोस. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढचं वाचताना तू उत्तर शोधत बसणार नाहीस. पैशांची अडचण खरी आहे, तिच्याकडेही येते.

'दुसरं कोणीतरी शूट करेल' असं दिग्दर्शक तुझ्या भल्यासाठीच म्हणाला असेल. पण त्याला स्वतःलाही ते फारसं पटलेलं नसणार. दोन वर्षांत त्या घरांना तुझी सवय झाली आहे. तू आलीस म्हणून कोणी केस सारखे करत नाही, आवाज बदलत नाही. नवीन माणूस कितीही हुशार असला तरी त्याचे पहिले काही आठवडे लोकांनी त्याच्याकडे बघण्यातच जातील, आणि तुमच्याकडे शिल्लक आहेत ते आठवडे तेवढेच आहेत. कथापटात टेक बिघडला तर पुन्हा घेतात. शेवटच्या पाळीचा भोंगा पुन्हा कोण वाजवणार?

आता बी कॅमेऱ्याबद्दल. काम मोलाचं आहे, त्याला कमी लेखू नये. नटाच्या हालचालीबरोबर श्वास घेत फ्रेम धरणं, ए कॅमेऱ्याच्या, म्हणजे मुख्य कॅमेऱ्याच्या, चौकटीत न येता आपला कोन शोधणं, संकलकाला नेमका लागणारा तुकडा न सांगता पुरवणं, ही सगळी खरी विद्या आहे. पण दृश्य कुठून बघायचं हे दिग्दर्शक आणि डीओपी ठरवतात, लाइट ए कॅमेऱ्यासाठी होतो, आणि उरलेल्या जागेतून जे दिसेल ते बी कॅमेऱ्याचं. तू नऊ वर्षं दुसऱ्यांच्या निर्णयांच्या शेजारी उभी आहेस. त्यातली पाच वर्षं तर अंतर मोजत, म्हणजे निर्णयापासून अगदी हातभरावर. तुला डीओपी व्हायचं आहे ना? मग आता कामाला हो म्हणताना एकच गोष्ट तपासायची: या कामात माझ्या हातात कोणते निर्णय येणार आहेत? त्या कारखान्यात कुठे उभं राहायचं, किती वेळ धरून ठेवायचं, कोणाच्या चेहऱ्यावरून कोणाकडे जायचं, हे सगळं तू ठरवतेस. बी कॅमेऱ्यावरून पाच महिन्यांनी तू जास्त चांगली ऑपरेटर होऊन बाहेर येशील आणि लोक तुला ऑपरेटर म्हणूनच बोलावतील.

पण पोटाला चिमटा काढून कोणी कला करू नये, आणि तीन महिन्यांची शिल्लक ही काही मोठी गोष्ट नव्हे. म्हणून मधला रस्ता आधी तपास. माहितीपटाचा शेवटचा टप्पा म्हणजे सलग पाच महिने शूटिंग नसतं. दिग्दर्शकाबरोबर बस आणि ज्या दिवशी तुझ्याशिवाय चालणारच नाही असे दिवस काढ: शेवटची पाळी, हिशेब हातात पडण्याचा दिवस, यंत्रं उतरवून नेतील ते दिवस, ज्या दोन-तीन घरांमध्ये तुझं येणंजाणं आहे तिथल्या संध्याकाळी. बाहेरून दिसणारी इमारत, रस्ता, अधिकाऱ्यांच्या मुलाखती दुसरा कोणी घेऊ शकतो किंवा नंतरही होऊ शकतात. ती यादी घेऊन डीओपींकडे जा. मोठ्या कथापटात बी कॅमेरा रोज चालतोच असं नाही, आणि ठरावीक दिवसांसाठी बदली ऑपरेटर बोलावणं ही नेहमीची गोष्ट आहे. मात्र हो म्हणण्याआधी सांग. कारखान्याच्या तारखा मागेपुढे होणार, एखादा दिवस आदल्या रात्रीच कळणार, हेही लपवू नकोस. आधी तारखा देणाऱ्या ऑपरेटरशी जुळवून घेतात. शूटिंग चालू असताना रजा मागणाऱ्याचा राग येतो आणि तो राग लक्षात राहतो. त्यांना हे जमणार नसेल तर सेकंड युनिटचे, म्हणजे दुय्यम शॉट्स वेगळे घेणाऱ्या तुकडीचे, थोडे दिवस माग. तेही नाही जमलं तर त्यांना मनापासून नाही म्हण, आणि मधल्या काळात फोकस पुलिंगची सुटी कामं घे. पाच वर्षं फोकस ओढलेल्या माणसाला दोन-चार दिवसांची कामं मिळतात. त्यात कमीपणा मानू नकोस.

दोन्हीकडे पाय ठेवून चाललेल्यांमध्ये एलन कुरस मला फार जवळची वाटते. लाओसमधून अमेरिकेत आलेल्या एका कुटुंबावरचा माहितीपट तिने आणि त्या कुटुंबातल्याच मुलाने मिळून २३ वर्षं केला. तो २००८ मध्ये आला आणि त्याला ऑस्करचं नामांकन मिळालं. त्याच वर्षांमध्ये ती कथापटांची डीओपी म्हणूनही काम करत होती. 'इटर्नल सनशाइन ऑफ द स्पॉटलेस माइंड' (२००४) तिनेच शूट केला. म्हणजे एका कुटुंबाला दिलेला शब्द आणि कथापटातली कारकीर्द, दोन्ही एका माणसाला सांभाळता येतं. सोपं असेल असं नाही म्हणत.

शिक्क्याबद्दल. माहितीपटातून कथापटात गेलेल्यांची नावं तुला पाठ असतील. रॉजर डीकिन्सने जगाला वळसा घालणाऱ्या नौकाशर्यतीत नऊ महिने बोटीवर राहून शूट केलं होतं. ख्रिस मेंगेस युद्धांच्या आणि दूरच्या प्रदेशांच्या माहितीपटांतून आला आणि पुढे त्याला दोन ऑस्कर मिळाले. राऊल कुतार हिंदचीनमध्ये लष्कराचा छायाचित्रकार होता. ही नावं धीर देतात, पण निर्मात्याच्या टेबलासमोर बसल्यावर उपयोगाची नाहीत. तिथे उपयोगी पडतं ते त्याची भीती ओळखणं.

त्याला तुझ्या फ्रेमबद्दल शंका नसते. त्याची शंका अशी असते. एक खोली आहे, एक खिडकी आहे, दोन माणसं बोलतायत. पडद्यावर दोन मिनिटं. शूट करायला सकाळी आठ ते संध्याकाळी सहा. सूर्य या भिंतीवरून त्या भिंतीवर जातो, दुपारी ढग येतात, चार वाजता उन्हाचा रंग पिवळा होतो. नऊ वाजता घेतलेला वाइड आणि पाच वाजता घेतलेला क्लोजअप पडद्यावर शेजारी शेजारी बसणार, आणि प्रेक्षकाला वाटलं पाहिजे की मधे एक श्वास गेला. माहितीपटात ऊन सरकलं तर प्रेक्षक म्हणतो, वेळ गेला. कथापटात ऊन सरकलं तर तो गोष्टीतून बाहेर पडतो. निर्माता तुझा कारखाना बघतो आणि मनात विचारतो, हिला खिडकीतला सूर्य दिवसभर एका जागी धरता येतो का? खिडकीबाहेर कोणता लाइट किती उंच लावायचा, खरं ऊन कुठे अडवायचं, हे हिला माहीत आहे का? सहाय्यक दिग्दर्शकाने 'किती वेळ?' विचारल्यावर ही 'चाळीस मिनिटं' म्हणेल आणि चाळीस मिनिटांत तयार असेल का? गॅफर (लाइटचा प्रमुख), ग्रिप (कॅमेऱ्याचे रूळ-आधार लावणारा), लाइटमन, असिस्टंट अशी वीस-तीस माणसं तिच्या एका शब्दाची वाट बघत असतील तेव्हा तिचा शब्द ठाम असेल का?

यातलं बरंचसं तुला येतं. नऊ वर्षं तू ते रोज बघितलं आहेस. पण तुझ्या शोरीलमध्ये, म्हणजे निवडक कामाच्या नमुन्यात, ते दिसत नाही, आणि निर्माता जे दिसतं तेवढंच बघतो.

म्हणून एक काम कर. चार मिनिटांचं एक दृश्य लिहून घे. दोन नट, एक खोली, एक खिडकी. दिवसाचं दृश्य मुद्दाम सूर्य मावळल्यावर शूट कर. बाहेर काळोख असताना खिडकीतून सकाळ आण, आणि ती प्रत्येक कोनातून तीच सकाळ राहील हे बघ. नंतर त्याच खोलीत रात्र कर. ती नुसती काळी नको. चेहरा वाचता आला पाहिजे आणि तरी रात्रच वाटली पाहिजे. ओळखीचा गॅफर एका दिवसासाठी येईल, तू त्याच्यासाठी कितीदा थांबली असशील. लागलेल्या वेळाची नोंद ठेव, कारण निर्मात्यांना तेही विचारायचं असतं. मग हे दृश्य शोरीलमध्ये अखंड टाक, शेजारी माहितीपटातलंही एक पूर्ण दृश्य टाक, कट्ससकट. गाण्यावर कापलेले सुंदर शॉट्स कोणाकडेही असतात, त्यातून कळतं एवढंच की कॅमेरा चांगला होता. पूर्ण दृश्यातून कळतं की या बाईला दृश्य म्हणजे काय ते समजतं.

आणि माहितीपटातलं तुझं बघणं हे कथापटाच्या लाइटिंगच्या आड येतं, असं जो कोणी सांगेल त्याला सत्यजित रायांचे छायाचित्रकार सुब्रत मित्र यांची आठवण दे. २१ व्या वर्षी ते पहिल्या चित्रपटाला उभे राहिले तेव्हा त्यांनी चित्रपटाचा कॅमेरा कधी चालवलेला नव्हता. 'अपराजितो'च्या (१९५६) वेळी बनारसच्या घराचं अंगण स्टुडिओत उभारावं लागलं. खऱ्या अंगणात वरच्या उघड्या आकाशातून येणारा उजेड मऊ असतो, त्याला धारदार सावल्या नसतात. स्टुडिओतले लाइट सरळ मारले तर माणसामागे चार सावल्या पडतात. त्यांनी सेटवर पांढरं कापड ताणलं, लाइट खालून त्यावर फेकले आणि परतून येणारा उजेड वापरला. आज प्रत्येक सेटवर बाउन्स लाइट इतका नेहमीचा झाला आहे की त्यामागे एका माणसाचं नुसतं शांतपणे अंगण बघत बसणं होतं, हे कोणाच्या लक्षात येत नाही. तू दोन वर्षं त्या कारखान्यात आहेस. छताच्या काचेतून पडणारा धुळकट उजेड दुपारी किती वाजता यंत्रावरून उतरतो, ट्यूबलाइटखाली माणसाचे डोळे का हरवतात आणि त्याने वर बघितलं की ते कसे परत येतात, वेल्डिंगची ठिणगी उडाल्यावर मागची भिंत क्षणभर कोणत्या रंगाची होते, हे सगळं तुला ठाऊक आहे. लिहून ठेव. पुढे एखादा कला दिग्दर्शक तुझ्यासाठी कारखाना उभारेल तेव्हा त्यात उजेड कुठून येतो हे तुला कोणाला विचारावं लागणार नाही.

एक गोष्ट मात्र निर्मात्यांच्या बाबतीत लक्षात ठेव. पहिला कथापट बहुतेक वेळा निर्मात्याकडून येत नाही, दिग्दर्शकाकडून येतो. ज्याने तुला काम करताना बघितलं आहे, जो तुझ्याबरोबर अवघड दिवसातून गेला आहे, तो निर्मात्याशी भांडून तुला घेतो. माहितीपटाचे दिग्दर्शकही कथापट करतात. तुझ्या या दिग्दर्शकाने उद्या कथापट केला तर तो कोणाला बोलावेल? शेवटचा टप्पा ज्याने शूट केला त्याला की अर्ध्यात सोडून गेलेल्याला?

कॅमेऱ्यासाठी कर्ज काढू नकोस. कॅमेऱ्यांची मॉडेलं भराभर जुनी होतात, कथापटासाठी तर निर्माता कॅमेरा भाड्यानेच घेतो, विमा आणि बदली कॅमेऱ्यासकट. माहितीपटात स्वतःचा कॅमेरा असणाऱ्याला कामं लवकर मिळतात हे खरं; पण ती मिळतात कॅमेऱ्यामुळे, आणि हप्ता चालू असला की जे येईल ते घ्यावं लागतं. मग काम निवडायचा जो हक्क आता कुठे तुझ्या हातात येतोय तोच बँकेकडे जाईल. घ्यायचंच असेल तर लवकर जुनं न होणारं घे. चांगलं ट्रायपॉड हेड, बंद कानांचे हेडफोन, मनासारख्या एक-दोन प्राइम (झूम नसलेल्या) लेन्स. हेडफोन्सना मी लेन्सच्या बरोबरीने मानते. माहितीपटात कॅमेरा कानांनी चालतो. कोण बोलणार आहे ते वाक्य सुरू व्हायच्या आधी श्वासातून ऐकू येतं, आणि पॅन, म्हणजे कॅमेरा वळवणं, तेव्हाच सुरू करावं लागतं. बोलणाऱ्याचं बोलून झालं तरी ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर थांबायचं, हेही कानच सांगतात.

आता ती रात्र. कॅमेरा बंद केला नाहीस यात मला गैर वाटत नाही. माणूस बोलता बोलता कोसळतो तेव्हा घाईने कॅमेरा खाली ठेवला तर त्याला आपलं रडणंच चुकीचं वाटू शकतं. शूट करणं आणि वापरणं हे दोन वेगळे निर्णय आहेत. पहिला तू त्या क्षणी घेतलास, तो घ्यायला तुझ्याकडे दोन सेकंद होते. दुसऱ्याला अजून वेळ आहे आणि तो तुम्ही दोघांनी त्या माणसाला वगळून घ्यायचा नाही. त्याने सुरुवातीला संमतीपत्रावर सही केली असेल. त्या सहीने कायद्याचं काम भागतं. पण सही केली तेव्हा त्याला ही रात्र माहीत नव्हती. फिल्म गावोगावी जाईल, तुम्ही पुढच्या कामाला लागाल आणि तो त्याच घरात, त्याच शेजाऱ्यांमध्ये, त्याच मुलांसमोर राहणार आहे. त्याच्याकडे कॅमेऱ्याशिवाय जा. त्या रात्रीचं शूटिंग आपल्याकडे आहे हे सरळ सांग. संकलनाची जुळणी झाल्यावर, फिल्म अंतिम होण्याआधी, ते दृश्य त्याला दाखवलं जाईल आणि तो नको म्हणाला तर ते निघेल, असा शब्द दे. पण तो शब्द द्यायच्या आधी दिग्दर्शकाकडून घे, आणि आत्ताच घे. संकलकाने सगळा शेवट त्या रडण्यावर उभा केला की मग ते काढायला कोणाचाही हात धजावत नाही.

पुढे असा प्रसंग आला तर कॅमेरा बंद करणं आणि तो चेहऱ्यावर रोखून ठेवणं याशिवाय तिसराही मार्ग असतो. मागे सरक. क्लोजअपमध्ये असशील तर वाइड हो, खोली येऊ दे, त्याची पाठ, त्याचे हात, शेजारी बसलेली बायको येऊ दे. माणसाला झाकायला थोडी जागा मिळते आणि दृश्यही बहुतेक वेळा जास्त खरं होतं. तुला त्या रात्रीची अस्वस्थता वाटते आहे ती घालवायच्या मागे लागू नकोस. त्या घरांनी तुला आत घेतलं ते तुझ्या ह्याच स्वभावामुळे, आणि दिग्दर्शकाला दुसऱ्या कोणात तो सहज मिळणार नाही.

थोडं शरीराबद्दल, कारण आमच्या धंद्यात हे कोणी बोलत नाही. १९९७ मध्ये अमेरिकेत एक असिस्टंट कॅमेरामन १९ तासांचं शूटिंग संपवून गाडी चालवत घरी जाताना डुलकी लागून अपघातात गेला. हॅस्केल वेक्सलरने, ज्याच्या नावावर छायाचित्रणाची दोन ऑस्कर आहेत, कामाच्या तासांवर पुढे एक अख्खा माहितीपट केला. तो २००६ मध्ये आला, तेव्हा वेक्सलर ऐंशीच्या घरात होता. कथापटात निदान कॉलशीट (दिवसाच्या कामाचं वेळापत्रक) असते आणि पॅकअप म्हणणारा माणूस असतो. माहितीपटात ते तुलाच म्हणावं लागतं. खांद्यावर कॅमेरा घेऊन अजून वीस-पंचवीस वर्षं काढायची आहेत, तर पाठीचे आणि मांड्यांचे व्यायाम आत्तापासून कर, आणि रात्रीचं शूटिंग संपलं की गाडी स्वतः चालवू नकोस. निर्मात्याकडे झोपायची सोय माग. मागताना लाजू नकोस.

माहितीपटाचा दिग्दर्शक मित्र असला तरी तीन गोष्टी त्याच्याकडून लेखी घे. छायाचित्रणाचं श्रेय तुझं एकटीचं, काही दिवस दुसऱ्याने शूट केलं तर त्याचं नाव अतिरिक्त छायाचित्रण म्हणून वेगळं. ग्रेडिंगला, म्हणजे फिल्मचे रंग आणि उजेड शेवटचे जुळवतात तेव्हा, तू हजर असशील. त्या तारखांना दुसऱ्या सेटवर अडकलीस तर ते काम करणाऱ्या कलरिस्टशी निदान पहिला दिवस तू बसशील आणि नंतरचं काम तुला बघायला पाठवलं जाईल. दोन वर्षं तू तो धुळकट उजेड ज्या हिशेबाने एक्स्पोज केलास तो हिशेब दुसऱ्या कोणाला ठाऊक नाही, आणि अनोळखी कलरिस्ट तो पहिल्या तासात स्वच्छ करून टाकेल. तिसरं, फिल्म प्रदर्शित होण्याआधीही ठरलेलं एक दृश्य शोरीलमध्ये खासगीरीत्या दाखवायची परवानगी, कारण महोत्सवांमध्ये फिरून फिल्म बाहेर यायला वर्ष-दीड वर्ष सहज जातं आणि तुला ते दृश्य निर्मात्यांसमोर त्याआधी ठेवायचं आहे. त्यात त्या रात्रीचं दृश्य नको. हे सगळं कॅलेंडर घेऊन बसाल त्याच दिवशी बोल. शूटिंग बाकी असताना हे मागणं रास्त वाटतं. संकलन झाल्यावर तेच अडवणूक वाटायला लागतं.

– ताई